कठड्याचं हेड

“म्हंजी?” असं विचारून तो डोक्याचा रुमाल सोडायचा आणि समोर उकिडवा बसायचा. मग माझी धडगत नसे.

तो आमच्या बांधकाम खात्यातला मैलकुली. तेलगावकडच्या रस्त्याचे खड्डे बुजवणं, कडेची झुडपं तोडणं हे त्याचं काम. असे लोक तुम्हीही एसटीच्या खिडकीतून पाहिले असतील. मी नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला रुजू झालेला, डिप्लोमाची हवा डोक्यात गेलेला इंजिनिअर.

ओढ्यावरच्या पुलाचा कठडा पडला होता. मैलकुली दर महिन्याला आठवण करून द्यायचा, “साहेब, शाळंची पोरं त्या कडंनंच जात्यात.”

पुढे एक मोठे पुढारी येणार म्हणून डांबरीकरण मंजूर झालं. रस्ता आरशासारखा झाला, गाड्या सुसाट सुटल्या. कठडा तसाच.

“आन् कठडा कावून न्हाई?”

डांबराचं हेड, म्हणजे सरकारी खर्चाचं खातं, वेगळं, पुलाचं वेगळं, हे मी त्याला चांगलं पाव तास समजावलं.

“म्हंजी,” तो म्हणाला, “माणूस एका हेडात मरतो आन् वाचतो दुसऱ्या हेडात?”

मी साहेबी हसलो.

चारच दिवसांनी नवा रस्ता मिरवायला मी मोटारसायकलवर निघालो. पुलावर समोरून उसाचा ट्रॅक्टर आला. मी बाजूला झालो, ती बाजूच नव्हती. थेट ओढ्यातल्या चिखलात. जवळच खड्डे बुजवणाऱ्या मैलकुलीनेच फावड्याचा दांडा पुढे करून मला वर ओढलं. हाडं शाबूत आहेत का ते आधी चाचपून पाहिलं, मग शांतपणे विचारलं, “साहेब, ह्यो कोणच्या हेडात पडला?”

त्याच दुपारी मी कठड्याचा प्रस्ताव पाठवला. लाजेपायी त्यात ‘एक मोटारसायकलस्वार पडला’ एवढंच लिहिलं.

मंजुरी येईस्तोवर तो रिटायर झाला होता. गुत्तेदाराने बांधकाम आटोपल्यावर बातमी द्यायला त्याच्या घरी गेलो, तर म्हातारी म्हणाली, “ते पुलावर गेल्यात.”

भर उन्हात तो नव्या कठड्यावर घागरीने पाणी ओतत होता.

“गुत्तेदाराचं माणूस दोन दिस फिरकलं न्हाई. कच्चं राहिलं तर पोरं टेकली की पडंल.”

‘पाणी व्यवस्थित मारले’ या शेऱ्याखाली सही मी आदल्याच दिवशी करून टाकली होती. हे मी त्याला सांगितलं नाही.  त्याने रिकामी घागर माझ्याकडे सरकवली.

“खाली जपून उतरा, साहेब. शेवाळ लई हाय.”