जादा वजीर

ठाक. तात्या पटावर मोहरा ठेवायचे तेव्हा असा आवाज यायचा. चाल चांगली असो की वाईट, आवाज तोच. अजून कुठं लाकडावर लाकूड आपटलं की मी मान वर करून बघतो.

भोरच्या बाजारात माझं कातारकामाचं दुकान होतं. पाळण्याचे खांब, लाटणी, भोवरे कातायचे आणि त्यावर रंगीत लाख चढवायची. बायको दोरी ओढून लाकूड फिरवायची, मी त्यावर पटाशीची धार धरायचो. बुद्धिबळाचे मोहरेही मीच करायचो, म्हणून खेळणारे माझ्याच ओट्यावर जमायचे. तात्यांच्या हातून वर्षाला दोन घोडे तरी फुटायचे.

दुकानातला भुसा संध्याकाळी झाडला तरी सकाळी पुन्हा तेवढाच दिसायचा. त्या ओट्यावरच्या गोष्टीही तशाच आहेत. माझं शिक्षण दुसरीपर्यंतचं, लिहायची सवय नाही. पण त्या ओट्यावरचं आता कुणी राहिलं नाही, तेव्हा झाडणं माझ्याकडंच आलं.

*

तात्या संस्थानच्या कचेरीत कारकून. तिथं त्यांचा दरारा. एकदा शिक्का पडला की कागद बदलायचा नाही, मग रडा नाहीतर पाया पडा. पटावर मात्र दर चौथी चाल मागं घ्यायचे.

शाळेचे मास्तर एकदा म्हणाले, "तात्या, कचेरीत लोकांचे अर्ज मागं येतात आणि इथं तुमच्या चाली."

"तिथं शिक्का असतो, मास्तर. इथं कुठाय?"

"मग हे आपटता ते काय?"

तात्यांनी थोडा विचार केला. "ती पोच," म्हणाले, आणि उंट मागं घेतला.

*

धोंडिबा पहिल्यांदा आला तो घोंगड्या विकायला. वेल्ह्याच्या वरच्या अंगाला, डोंगरातल्या धनगरवाड्यावरचा माणूस. महिन्यातून एकदा बाजाराला उतरायचा. ओट्याशी थांबून पट बघायला लागला, तसं तात्यांनी त्याला बजावलं, "बघ, पण बोलायचं नाही. बघणाऱ्यानं बोलू नये हा इथला कायदा."

तो दोन तास उभा होता. घोंगड्यांचं गिऱ्हाईक येऊन परत गेलं. तात्यांनी डाव कसाबसा जिंकला आणि मिशीवरून हात फिरवला.

"आता बोलू का?" धोंडिबानं विचारलं.

"बोल."

"मगाशी चार चालीमागं प्याद्यानं मात व्हती."

प्याद्यानं मात करणं म्हणजे सगळ्यात मानाचा विजय. तात्यांनी मोहरे मागं मांडून पाहिले. मात होती.

"मग तेव्हा का बोलला नाहीस?"

"कायदा तुमीच सांगितला."

त्या दिवशी तात्या त्याच्याकडून तीन डाव हरले. पुढं नऊ वर्षं हरत राहिले. तात्यांनी चाल मागं मागितली की धोंडिबा म्हणायचा, "घ्या की. घाई कुठंय?" आणि तो मोहरा असा ठेवायचा की आवाज होत नसे. झोपलेल्या पोराला खाली ठेवावं तसा.

*

खेळ त्याला बापानं शिकवला होता. पावसाळ्यात वर चार महिने धुकं. चुलीशेजारच्या फरशीवर कोळशानं पट आखायचा. प्यादी हिरड्याची, हत्ती गारगोटीचे, वजीर म्हणून फुटकं घुंगरू. बाप गेल्यावर जोडीला कुणी उरलं नाही. मग डावा हात विरुद्ध उजवा हात.

"कोण जिंकतं?" मी विचारलं.

"डावा. उजव्याला काठीची सवय. त्यो घाई करतो."

मी हसलो. तो हसला नाही. म्हणाला, "मिस्त्री, मला एकदा मला हरवणारा माणूस बघायचाय. खराखुरा. बापानंतर गावला न्हाई."

एवढीच त्याची इच्छा होती. ती मला माहीत होती, हे आधीच सांगून ठेवतो.

*

तात्यांनी एकदा डाव साधायचा म्हणून त्याला घरी जेवायला नेलं. पुरणपोळी, वर तुपाची धार. पोट जड झालं की डोकं जड होतं हा तात्यांचा हिशेब. धोंडिबानं अकरा पोळ्या खाल्ल्या. आणखी दोन बरोबरच्या कुत्र्यासाठी मागून घेतल्या. मग ओट्यावर येऊन तात्यांना वीस चालींत संपवलं.

कुत्रं मात्र संध्याकाळपर्यंत उठेना. मास्तर म्हणाले, "तात्या, तुमचा बेत अगदीच वाया गेला नाही."

*

मग मास्तरांनी नवे नियम आणले. पुण्याला मोठे खेळाडू जमणार होते आणि तिथं विलायती पद्धतीनं खेळ होता. आमच्यात राजाला एकदा घोड्यासारखी उडी मारता यायची. विलायती खेळात ती नाही. त्याऐवजी राजा कोपऱ्याकडं सरकतो आणि हत्ती त्याला ओलांडून आडोशाला उभा राहतो.

तात्या भडकले. "राजा हत्तीच्या आड लपतो? असला कसला राजा?"

बोलून तर गेले. संस्थानचे दिवस. त्यांनी रस्त्याच्या वरच्या बाजूला बघितलं, मग खालच्या. मग हळूच म्हणाले, "तशी सोय चांगली आहे म्हणा."

*

भोरातून एकच माणूस पाठवायचा होता. शाळेत मॅच ठरली, तात्या आणि धोंडिबा यांच्यात. जिंकेल तो पुण्याला. धोंडिबाला हरवणारा असलाच तर तिथंच होता.

धोंडिबाला वाचता येत नव्हतं. मास्तरांनी चार नियम कागदावर लिहून मला दिले. "तुझ्याकडंच येतो तो. नीट समजावून सांग." आणि मॅचसाठी नवा संच करायला सांगितला, दोन्ही रंगांचा एकेक वजीर जादा.

जादा कशाला, ते चौथ्या नियमात होतं. आमच्यात प्यादं पलीकडं पोचलं की ज्याच्या घरात पोचलं तेच होतं. घोड्याच्या घरात घोडा, हत्तीच्या घरात हत्ती. विलायती खेळात कुठंही पोचलं तरी वजीर मागता येतो.

तीन नियम मी त्याला एका बाजारात शिकवले. चौथा पुढच्या खेपेला सांगतो म्हणालो. पुढच्या खेपेला तो आला तेव्हा मी नव्या संचावर लाख चढवत होतो. फिरत्या लाकडावर लाख धरली की हात थांबवता येत नाही. थांबला की डाग पडतो.

धोंडिबानं तयार झालेला वजीर उचलून बघितला. "मिस्त्री, ह्यो जादा कशाला?"

"सांगतो, बस."

तो उंबऱ्यावर बसला. एक मोहरा झाला, मी दुसरा धरला. मग तिसरा. रंग फार सुरेख बसत होता. ऊन उतरायला लागलं, तसा तो उठला. "येतो मी. मेंढरं एकटी हायत." मी मान हलवली. बायको म्हणाली, "अहो, त्याला काही सांगायचं होतं ना?" मी म्हणालो, "दोरी ओढ."

मॅचच्या दिवशी तो थेट शाळेत आला.

*

तात्या त्या दिवशी कधी नव्हे इतकं चांगलं खेळले. एकही चाल मागं मागितली नाही, मागता येतच नव्हती. शेवटी पटावर दोन राजे आणि तीन प्यादी उरली, त्यातली दोन धोंडिबाची. धोंडिबाचं एक प्यादं घोड्याच्या घरात पोचलं. तात्यांचं हत्तीच्या घरापासून दोन पावलांवर होतं.

जादा वजीर पेटीत होता. मला दिसत होता, लाख चमकत होती. मी भिंतीशी बघणाऱ्यांत उभा होतो. बघणाऱ्यानं बोलू नये. उभ्या आयुष्यात तो कायदा मी तेवढ्या एका वेळी पाळला नसता तर बरं झालं असतं.

धोंडिबानं पेटीतून घोडा घेतला. हलकेच ठेवला. त्याचा बेत मला कळत होता. तात्यांचा हत्ती उभा राहिला की राजाला शह देऊन घोड्यानं तो हत्ती मारायचा. बेत अगदी बरोबर होता.

तात्यांचं प्यादं पोचलं. त्यांनी पेटीत हात घातला आणि वजीर ठेवला, थेट धोंडिबाच्या राजाला तिरका शह. ठाक.

धोंडिबा पटाकडं बघत राहिला. "तात्या, हत्तीच्या घरात वजीर कसा?"

"अरे, नव्या नियमात हवं ते मागता येतं." तात्यांचा आवाज उतरला. "तुलाही मागता आलं असतं. घोडा मागितलास, मला वाटलं त्यातच काही डाव आहे. तुला कुणी सांगितलं नाही?"

धोंडिबानं भिंतीकडं, माझ्याकडं बघितलं.

"घे, चाल मागं घे," तात्या म्हणाले. "मास्तर, घेऊ द्या त्याला. मी किती घेतल्यात."

मास्तर म्हणाले, "तात्या, इथं नाही घेता येत."

धोंडिबानं घोडा उचलला आणि पेटीत जागेवर ठेवला. उठून माझ्यापुढं आला. उंबऱ्यावर बसला होता तसाच, वाट बघत उभा राहिला. मी पेटीतल्या जादा वजिराकडं बघत राहिलो.

मग त्यानं घोंगडी खांद्यावर टाकली आणि शाळेच्या पायऱ्या उतरून वेल्ह्याच्या वाटेला लागला.