हाळी कुणी दिली?

कागदोपत्री मी नादपाल. वनपाल जंगल सांभाळतो, तशी मी जुन्नर आणि आंबेगाव तालुक्यांतले आवाज सांभाळते. उद्या ऐकू येणार नाहीत असे आवाज टिपायचे आणि जुन्नरच्या आमच्या खोलीत जपून ठेवायचे. गावोगाव मला 'आवाजवाली बाई' म्हणतात आणि तिरक्या नजरेनं बघतात. आणे गावच्या पठारावर मी वारा टिपत उभी होते, तर एक म्हातारबाबा येऊन म्हणाले, "पवनचक्कीवाले का? जमीन द्यायची न्हाई आमाला." खोडदला एकानं विचारलं, रेडिओ दुर्बिणीच्या एवढ्या मोठ्या अँटिना शेजारी असताना हे मशीन चालवायची परवानगी आहे का? परवानगी दाखवली, तरी मी जाईपर्यंत तो बांधावर बसून राहिला.

आंबेगावकडच्या एका धरणाच्या वरच्या अंगाला डोंगरात एक वाडी आहे. तिथं एक बाई राहते, मी तिला मावशी म्हणते. भाताची खाचरं, थोडी नाचणी आणि तीन-चार म्हशी. दिवस कलला की ती अंगणाच्या कडेला उभी राहून म्हशींना हाळी द्यायची. शब्द नव्हताच त्यात. खालच्या सुरात सुरू होऊन आवाज वर चढायचा, वर गेल्यावर एकदम तुटायचा, आणि समोरच्या उतारावरच्या म्हशी माना वळवून घराकडे चालू लागायच्या. तिच्या सासूनं शिकवलेली हाळी. बाकी वाडी म्हशींना काठीनंच आणते.

टिपू द्यायला ती लवकर तयार झाली नाही.

"न्हेशील आन् कुनाला देशील?"

"कुणालाच नाही मावशी. आमच्या खोलीत राहील."

"खोलीत राहून करल काय?"

तरी एका दुपारी ती माझ्याबरोबर उतारावर आली आणि तिनं हाळी दिली.

पावसाळा सरल्यावर तिचा फोन आला. नमस्कार नाही, काही नाही. "माझी हाळी कुनाला दिली तू?"

मी दुसऱ्या दिवशी गेले. म्हशी संध्याकाळी घरी येईनाशा झाल्या होत्या. खाली धरणाच्या पाण्याकाठी नवं रिसॉर्ट झालंय, त्याच्या कुंपणाशी जाऊन उभ्या राहायच्या. आतून मावशीचाच आवाज यायचा म्हणे. अंगणात शेजारी जमले होते. "आमी म्हनलं व्हतं, त्या मशीनपुढं तोंड उघडू नको," एकजण मला ऐकू जाईल असं बोलला. त्या घरात पहिल्यांदाच मला कुणी चहा विचारला नाही.

मी दिली नव्हती. मग कोणी? खोलीची किल्ली माझ्याकडे आणि माझ्या सहकाऱ्याकडे, तिसऱ्या कुणाकडे नाही. अंगणाबाहेर येऊन मी त्याला फोन लावला. "ती म्हशींची हाळी तू बाहेर कुणाला दिलीस का?"

"तुला असं वाटतं?" तो म्हणाला आणि फोन ठेवला. चोर असता तर असंच बोलला असता, असं माझ्या मनात आलं.

संध्याकाळी मी आणि मावशी रिसॉर्टवर गेलो. पाहुणे हिरवळीवर भजी खात बसले होते. आंब्याच्या फांदीला स्पीकर होता, आणि त्यातून हाळी आली. कुंपणापलीकडे म्हशी उभ्या. मावशी जागच्या जागी थांबली. "माझा आवाज असा हाये?" ती पुटपुटली.

हाळी पुन्हा लागली तेव्हा मागं कुकरची शिट्टी ऐकू आली. मी टिपली ती उतारावर, तिथं कुठला कुकर? मी बोलणार होते, पण मावशीच्या चेहऱ्यावरून कळलं, तिलाही ऐकू आलंय.

"ह्यो माझ्या घरचा कुकर," ती म्हणाली.

तेवढ्यात तिचा मुलगा ट्रे घेऊन बाहेर आला. तो तिथं वाढपाचं काम करतो हे मला ठाऊक होतं, पण संशय त्याच्याकडे वळला नव्हता. आईला पाहून तो उभाच राहिला.

"आई, साहेब म्हनले गावाकडचं कायतरी लावा. मंग मोबाईलवर भरून आनलं. लोकं इचारत्यात कुनाचा आवाज, मी सांगतो, माझ्या आईचा. म्हशी हितं येतील असं वाटलं नव्हतं गं."

"इचारायचं तरी," मावशी एवढंच म्हणाली. मग कुंपणाकडे गेली, निरगुडीची एक फांदी मोडली आणि म्हशी हाकत घरी नेल्या.

मुलानं दुसऱ्याच दिवशी ती हाळी काढून टाकायला लावली. वाडीला मात्र वाटतं, मीच काहीतरी करून पोराच्या गळ्यात घातलं. सहकाऱ्याला सगळं सांगितलं, माफी मागितली. "बरं झालं, कळलं ते," तो म्हणाला. तेव्हापासून खोली एकट्यानं उघडत नाही. मी येईपर्यंत बाहेर पायरीवर बसतो.

मावशीनं म्हशींना नवी हाळी शिकवलीय, ती मी अजून ऐकलेली नाही. मी गेले की आता चहा होतो, गप्पा होतात, आणि ऊन उतरलं की ती विचारते, "तुझी यष्टी कवाची?"

मागच्या खेपेला मी रेंगाळले. म्हशी समोर चरत होत्या, ती नाचणी पाखडत होती. शेवटी म्हणाली, "मशीन हितं ठिव. मोबाईल बी. आन् त्या वळनापल्याड जा."

दोन्ही ओट्यावर ठेवून मी गेले. वारं माझ्याकडून वाडीकडे वाहत होतं, काहीच ऐकू आलं नाही. थोड्या वेळानं पाहिलं, तर म्हशी एकामागून एक उतार उतरून घराकडे चालल्या होत्या.