बुढ्याले उभं करणं

माहा बुढा, म्हणजे माहा नवरा, वाडीच्या गोदामात हमाल होता. सारी उमर ट्रकातून गोदामात अन् गोदामातून ट्रकात पोते वाहिले त्यानं. एका सकाळी चहाची बशी त्याच्या हातातून पडली. मले वाटलं धक्का लागला असन. पाहते तं तोंड वाकडं झालेलं. लकवा मारला होता. उजवं आंग गेलं अन् बोलणंबी गेलं. "हं" अन् "नाई" एवढंच राहिलं, तेबी कवाकवा उलटं निघे. भूक लागली का म्हटलं तं नाई म्हणे, अन् ताटाकडे पाहत राहे.

दवाखान्यातून घरी आणला तवा डॉक्टरनं सांगतलं, याले दिवसभर खाटेवर ठेवू नका, पाठीले जखमा होतात. खुर्चीत बसवत जा, उठवत जा. सांगणं सोपं आहे. बुढा माह्याहून दीडपट. त्याले उठवायले घरात मी एकटीच.

पोरगा मिहानमधल्या एका कंपनीत कामाले आहे, कॉम्प्युटरवर बसते. बायको-लेकरं घेऊन तिकडंच राहते. रविवारी येत जाय, औषधं आणत जाय. त्याचं वाईट नाही सांगत मी.

उचलायची एकच रीत मले मालूम होती, हमालाची. गोदामात मी सांडलेलं धान्य झाडाले जात होती, रोज पाहे. हमाल पोत्याकडे पाठ करून वाकते, मागचे दोघं पोतं त्याच्या पाठीवर देतात, तो पोत्याचे वरचे कान, म्हणजे कोपरे, धरते अन् चालाले लागते. मीबी तसंच केलं. खाटेकडे पाठ केली, बुढ्याचे दोन्ही हात माह्या खांद्यावरून पुढं ओढले अन् त्याले पाठीवर घेतला. खुर्चीपर्यंत नेला. मले वाटलं जमलं. रोज तसंच करत गेली. एक दिवस तो ओरडला. शब्द नव्हता, नुसताच ओरडला. लकव्याचा खांदा खाली उतरला होता. डॉक्टर म्हणे, मेल्या हाताले ओढलं तं असंच होते. अन् माही कंबर अशी धरली का मले चपला घालता येईनात.

त्या रविवारी पोरगा आला अन् खाटेच्या कडेले बसला.

"माय, आता बस. मी एक जागा पाहून आलो. सेवा करणारे लोक आहेत तिथं."

"कोणाची सेवा?"

"बाबाची. अजून कोणाची? तू पडली तं दोघाईले कोण पाहीन? पोळा झाला का घेऊन जातो."

बुढा सारं ऐकून राहिला होता. त्याले बोलता येत नव्हतं, समजत तं सारं होतं. त्यानं भिंतीकडे तोंड केलं. मी पोराले काय म्हणू? त्याचं खरंच होतं.

मी तवा प्रताप नगरात एका व्यायामशाळेत झाडूपोछा करत होती. मी गेली का शेजारीण बुढ्यापाशी बसे. व्यायामशाळेत खाली लाल मातीचा जुना आखाडा, वर लोखंड अन् मशीना. आखाडा वस्तादजीचा. म्हातारे, दोन्ही कान मोडलेले, पण चालत ताठ. वरचं सारं त्याईची सून पाहे. पहिले सासऱ्यापाशी शिकली, मंग बाहेर जाऊन शिकून आली. पोरापोरींकडून वजन उचलून घे. सारे तिले मॅडम म्हणत.

त्या हप्त्यात मी पोछा मारून राहिली होती अन् उठता उठता तशीच अडकली. ना खाली, ना वर. मॅडमनं पाहिलं.

"मावशी, काय झालं?"

"काही नाही. कंबर आहे."

"कशानं धरली?"

मी सांगतलं. कसा उचलत होती तेबी सांगतलं. वस्तादजी मागंच उभे होते. म्हणे, "अरे बाप्पा! नवऱ्याले पोतं केलं वं बाईनं!" आखाड्यातले पोट्टे हासले. मलेबी हासू आलं, पण हासलं का कंबर दुखे.

मॅडम हासली नाही. म्हणे, "उद्यापासून काम झालं का थांबत जा."

मले वाटलं वरती नेतीन, लोखंड उचलायले देतीन. कायचं! वस्तादजीनं विटा मांडल्या एकावर एक, वर पोत्याचा तुकडा टाकला अन् म्हणे, "बस. आता ऊठ. हात छातीवर. हात टेकला तं पहिल्यापासून."

"वस्तादजी, हे तं मी रोजच करते ना. बसते अन् उठते."

"मंग करून दाखव."

नाही जमलं. हात न टेकता मले उठताच येईना. इतक्या वर्षांत मले हे मालूमच नव्हतं का मी हातानं उठते, पायानं नाही. कंबर निवली तसे ते रोज बसाले लावत. मी म्हणे, आता काही उचलायचं सांगा ना. ते म्हणत, "पहिले स्वतःले तं उचल." बरं जमाले लागलं का एक वीट कमी करत. वीट काढली का मले राग येई. मनात म्हणे, या वस्तादाचं काय जाते, पोळा माहा जवळ येऊन राहिला.

वाकायचं मॅडमनं शिकवलं. पाठीले काठी लावे, डोक्यापासून खालपर्यंत, अन् म्हणे, "काठी सुटली नाही पाहिजे. कुल्ले मागं न्या, दरवाजा कुल्ल्यानं लोटल्यासारखे." दोघाईचं एका गोष्टीवर जमे नाही. वस्तादजी म्हणत, उठताना श्वास सोड. मॅडम म्हणे, पहिले पोटात भरा, पोट आवळा, उभं झाल्यावर सोडा.

"काल आली अन् मले श्वास शिकवून राहिली!"

"बाबा, तुमचे जुने पैलवान सारे कंबर धरून फिरून राहिले ना आता."

"थे म्हातारे झाले म्हणून गा!"

सुनेलेबी गड्यासारखं गा म्हणत ते. आखाड्यात सारे गाच. मी मॅडमचं ऐकलं, पण वस्तादजी समोर असले का हळूच फुसकन सोडून दे. त्याईलेबी बरं वाटे.

मंग एक दिवस मॅडम चामड्याचा रुंद पट्टा घेऊन आली. मी लुगडं सावरलं अन् कंबर पुढं केली. म्हणे, "तुमच्यासाठी नाही मावशी, काकाईसाठी. हा त्याईच्या कंबरेले बांधायचा अन् हा धरून उठवायचं. हाताले हात लावायचाच नाही." अन् स्वतःच बाकड्यावर बसली, आंग ढिलं सोडलं, मान वाकडी केली. "मी काका आहो. उठवा मले."

पोट्टे गोळा झाले. "मावशी, पटका मॅडमले!"

मॅडमनं बसल्या बसल्याच सांगतलं. त्याईचा चांगला पाय मागं घ्या, बाकड्याखाली. मेल्या पायाचा गुडघा तुमच्या गुडघ्यानं अडवा. त्याईले पुढं वाकवा, नाक पायाच्या बोटापुढं आलं पाहिजे. मंग पट्टा धरा अन् तुमी विटेवरून उठता तशा उठा. एक, दोन, तीन. मी उठली तं मॅडम माह्यासंग उभी! माह्याहून उंच बाई, अन् मले भार असा लागलाच नाही. पोट्ट्याईनं टाळ्या पिटल्या. वस्तादजी नुसते विटांकडे पाहत होते.

घरी गेली, बुढ्याले पट्टा बांधला, पाय मांडले, एक दोन तीन म्हटलं. हालला नाही. पुन्हा म्हटलं. मी उठून जाय अन् तो तसाच बसून. मी खाली आली का मंग त्याचा पाय जोर लावे. रोज असंच होई. दोघंही घामाघूम होऊन खाटेवर बसून राहू. मॅडमले सांगतलं. ती म्हणे, लकव्यानं उशीर होते, हळू मोजा. हळू मोजलं. मंग तो दोनवरच जोर लावे. पोळ्याले थोडेच दिवस राहिले होते. मी विटांवर बसाले गेली पण मन लागेना. वस्तादजीनं विचारलं, "काहून वं? तोंड काहून असं?"

मी सांगतलं.

ते म्हणे, "मोजते कोण?"

"मी."

"त्यानं उमरभर काय केलं?"

"हमाली. तुमाले मालूमच आहे."

"दोघं तिघं मिळून जड उचलत, तवा एक दोन तीन म्हणत का?"

हमाल एक दोन तीन म्हणतच नाहीत. एकजण विचारे, "लागला का हात?" बाकीचे म्हणत, "लागला." मंग सारे मिळून "होऽ", अन् त्या "हो"वर वजन उठे. मी हजार वेळ ऐकलं होतं. गोदामाच्या बाहेर रस्त्यावर ऐकू येई.

वस्तादजी म्हणे, "जा, आज वीट नको."

घरी आली. चहाबी नाही ठेवला. बुढ्याले खाटेच्या कडेले घेतला, पट्टा बांधला, पाय मागं घेतला, गुडघा लावला, पुढं वाकवला. त्याच्या कानापाशी म्हटलं, "लागला का हात?"

त्यानं माह्याकडे पाहिलं. डावा हात उचलून माह्या कंबरेवर ठेवला.

मी म्हटलं, "होऽ."

अन् तोबी म्हणे, "होऽ." साफ. दवाखान्यातून आल्यापासून इतका साफ शब्द त्याचा ऐकला नव्हता. दोघंही उभे होतो, खोलीच्या मधात. मले खुर्चीत बसवायचं सुचेचना. शेजारीण दारातून म्हणे, "अवं माय, नाचून राहिले का तुमी?"

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी पोरगा भाड्याची गाडी घेऊन आला. बाबाचे कपडे भर म्हणे. मी म्हटलं, "भरते. पहिले बस." त्याच्यासमोर बुढ्याले उठवला अन् खुर्चीत बसवला. पुन्हा उठवला, खाटेवर नेला. पोरगा किती दिवस चालीन म्हणे मंग. मी म्हटलं, मले काय मालूम, आज चालून राहिलं.

तो चहा प्याला. मंग म्हणे, "मी करून पाहू का?"

पट्टा दिला त्याले. पाय सांगतला, गुडघा सांगतला. त्यानं बाबाच्या काखेत हात घातला तं मी हातावर मारलं. "काखेत नाही! पट्टा धर." त्यानं पट्टा धरला अन् म्हणे, "एक, दोन..."

"तसा नाही उठत तो. विचार त्याले, मी विचारलं तसं."

पोरगा हळूच म्हणे, "लागला का हात?"

बुढा बसूनच. जसं काही ऐकलंच नाही.

"जोरानं म्हण. गोदामात ट्रक चालू राहत, हळू म्हटलं तं ऐकूच येई नाही."

पोरानं दाराकडे पाहिलं, बाहेर गाडीवाला उभा होता. मंग मोठ्यानं म्हटलं, "लागला का हात?" बुढ्यानं डावा हात त्याच्या कंबरेवर टेकवला. "होऽ," दोघंही संगच म्हणाले, अन् उभे झाले. पोराचं तोंड बापाच्या खांद्यावर होतं. तसाच उभा राहिला तो, सोडेना. मी म्हटलं, "अरे, बसव आता त्याले, पाय थरथरून राहिला." तवा बसवला.

गाडीवाल्याले त्यानं परत पाठवलं. आता रविवारी येते तं औषधं ठेवते अन् पहिले पट्टा मागते.