गणपतची म्हातारी बाजारला गेली

निजामाचं राज्य होतं. आमच्या सेक्शनची पोस्ट वडवणीजवळच्या डोंगरात होती. हवालदार करीमखान आणि आम्ही सहा शिपाई. पाचला बिगूल, सहाला परेड, आठला भाकरी. तुम्हा मंडळींना वाटतं, शिपाई दिवसभर बंदूकच चालवतो. छे! भाकरीच्या वेळी आम्ही आमच्यातल्याच एका शिपायाचा, लिंबागणेश गावच्या गणपतचा विनोद ऐकायचो. आमच्याकडे गोष्टीला हुंकारा लागतो. ऐकणारा 'मंग?' म्हणाला नाही, तर सांगणारा पुढं सरकत नाही.

"एक म्हातारी बाजारला गेली."

"मंग?"

"वांगी घेतली."

"मंग?"

"घरी आली."

"मंग?"

"मंग काय बे? घरी आली!"

रोज तीच म्हातारी, आणि रोज आम्ही फसायचो. हसून हसून पोट दुखायचं. काय माणूस होता!

त्या दिवशी सकाळी नऊला एका दरोडेखोराच्या मागावर खिंडीत शिरलो आणि गोळी सुटली. करीमखान मांडी धरून उघड्यावर पडले. रक्त थांबेना. पण त्यांना आणायला उठणारा मरणार होता, कारण बार खिंडभर घुमला आणि गडी कुठं दडलाय ते कुणालाच कळलं नाही.

"कोई नक्को उठो!" करीमखान ओरडले.

दहा मिनिटं गेली. त्यांचा आवाज बसत चालला. तेवढ्यात माझ्या शेजारच्या खडकाआडून गणपत मोठ्यानं म्हणाला, "एक म्हातारी बाजारला गेली!"

मला वाटलं, याचं डोकं फिरलं. तरी सवयीनं तोंडातून गेलंच, "मंग?"

"वांगी घेतली!"

"मंग?"

"घरी आली!"

त्यानं हातानं मला गप्प केलं. खिंड चिडीचूप. आणि डावीकडच्या पळसामागून, अगदी हळू, आवाज आला, "मंग?"

आम्ही दोघं उठून पळसाकडं सुसाट धावलो. असा आनंद मला पुन्हा कधी झाला नाही. गणपत हसत ओरडत होता, "मंग काय बे, घरी आली!"

एकच गोळी सुटली. मी दरोडेखोराला बंदुकीसकट खाली दाबला आणि मागं पाहिलं. गणपत पडला होता. छातीत लागली होती. करीमखान वाचले.

गणपतचं प्रेत बैलगाडीतून मीच लिंबागणेशला नेलं. त्याचा बाप ओट्यावर बसला आणि म्हणाला, "कसं झालं, सांग." मी पहिल्यापासून सांगू लागलो. म्हातारा दर वाक्याला हुंकारा देत होता. गोळीपाशी आलो आणि मी बैलगाडीकडं पाहिलं.

"मंग?" त्यानं विचारलं.

"मंग काय, बाबा," मी म्हणालो. "घरी आला."