दोन स्टोन

दगडावर इतकी भक्ती करणारा माणूस देवळाबाहेर मी एकच पाहिला, आणि तो म्हणजे आमच्या हिचे ग्लासगोचे मामा. ऐंशीच्या दशकात ते हॉस्पिटलच्या लॅबमधून रिटायर झाले आणि एकोणिसाव्या शतकातल्या एका स्कॉटिश रसायनशास्त्रज्ञाचं चरित्र मराठीत लिहायला बसले. हा दाढीवाला गृहस्थ डोंगर पालथे घालून खनिजं गोळा करायचा आणि घरी आणून त्यांचं पृथक्करण करायचा. मामा त्याला ‘आमचे साहेब’ म्हणत, तेही कायम आदरार्थी. साहेब दगड जिभेला लावून ओळखत, म्हणून मामाही लावत. एकदा समुद्रकिनाऱ्यावर त्यांना गोटा चाटताना पाहून कुत्रं फिरवणाऱ्या एका म्हातारीनं आपलं अर्धं सँडविच त्यांच्यापुढे धरलं होतं. मामांनी थँक्यू म्हणून तेही खाल्लं. घरात खिडक्यांत, जिन्यावर, फ्रिजच्या डोक्यावर दगडच दगड, आणि त्यांची धूळ पुसायला मामी. “माझी सवत दाढीवाली आहे,” असं त्या येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत.

मुलांच्या सुट्ट्यांत आम्ही लंडनमधल्या स्टॅनमोरहून तिकडे जायचो. जेवणानंतर एका प्रकरणाचं वाचन सक्तीचं. मामांचं लाडकं प्रकरण म्हणजे साहेबांच्या पत्नीनं दोन दगड हरवल्याचं. साहेबांनी भावाला लिहिलं होतं की या हिवाळ्यात बायकोनं ‘टू स्टोन’ गमावले. लायब्ररीतल्या त्या पत्रातल्या एका ओळीवर मामांनी चार पानं लिहिली होती. बाईंनी साफसफाईत नमुने कसे फेकले असतील, आणि साहेब ऋषितुल्य असल्यामुळे अवाक्षर कसं बोलले नाहीत. हे वाचताना ते चष्म्यावरून मामींकडे बघत, कारण मामींनी एकदा त्यांचे दोन दगड तुळशीच्या कुंडीत घातले होते. ‘स्टोन’चं अनेकवचन का नाही, असं मी विचारलं तर म्हणाले, “स्कॉटिश माणूस. इंग्रजीत घसरायचाच.” आम्ही पोट धरून हसलो. मीही हसलो, याचंच आता वाईट वाटतं. मलाही या देशात येऊन पंधरा वर्षं झाली होती, पण त्या घरात स्टोन म्हणजे दगडच.

एका ईस्टरला गेलो तर मामींच्या बांगड्या कोपरापर्यंत सरकत होत्या. “जिने चढून बारीक झालेय,” म्हणाल्या. मामांना त्यात काही वेगळं दिसलंच नव्हतं. हिनं हट्टानं दोघांना डॉक्टरकडे जायला लावलं. मी सोबत होतो. डॉक्टरणीनं मामींना काट्यावर उभं केलं, जुनं कार्ड पाहिलं आणि मामांना म्हणाली, “शी हॅज लॉस्ट टू स्टोन.”

मामा सवयीनं म्हणाले, “व्हिच टू?”

त्यांना ऐकू आलं नसावं असं वाटून तिनं ते वाक्य मोठ्या आवाजात पुन्हा उच्चारलं. स्टोन म्हणजे चौदा पौंड, इथं माणसाचं वजन त्यातच सांगतात, हे मामांना माहीत नव्हतं असं नाही. ते खुर्चीत बसले आणि मामींच्या मनगटाकडे बघत राहिले.

परतताना गाडीत त्यांनी मामींना पत्राचा खरा अर्थ सांगितला. मामी म्हणाल्या, “अहो, म्हणजे त्या बिचारीवरचा आळ गेला.”

दिवाळीच्या आत मामी गेल्या. मामा पुढं चार वर्षं जगले, पण दगड कधी जिभेला लावला नाही. त्यांच्यावर कुणाला रागावताही येत नव्हतं, इतके ते स्वतःवर रागावलेले होते. चरित्राची वही आता माझ्याकडे आहे. ती चार पानं आडव्या रेघांनी खोडलेली आहेत. खाली मामांच्या अक्षरात दोनच वाक्यं आहेत आणि पुढली पानं कोरी आहेत.

‘त्या हिवाळ्यात बाईंचं वजन अठ्ठावीस पौंडांनी उतरलं. साहेबांच्या ते लक्षात आलं होतं.’