विहिरीतला कापूस आणि बाचं नाव

दिवाळीची सुट्टी होती आणि मी बार्शीटाकळीला घरी आले होते. साठच्या दशकातली गोष्ट ही... अमरावतीच्या कॉलेजात मी बी.एस्सी.ला जिऑलॉजी घेतलं होतं. वर्गात मुली आम्ही दोघीच.

माझे वडील, आम्ही त्यांना बा म्हणायचो, विहिरी खोदायच्या कामावर जात. एके दिवशी दुपारीच घरी आले. हातात काळ्या दगडाचा नारळाएवढा तुकडा... त्याच्या पोकळीत पांढराशुभ्र कापसाचा गोळा!

"सुरुंग लावला तं हे निंगालं. दगडात कापूस कसा काय बाई?"

मी बोट पुढे केलं तसा बानं हात मागे घेतला. "हात नोको लावू. एकानं लावला तं सारं चपटं झालं."

सुट्टी संपल्यावर तो दगड डब्यात सुतळीने घट्ट बांधून मी एस.टी.नं अमरावतीला निघाले. पूर्ण रस्ता डबा मांडीवर... प्रत्येक खड्ड्याला जीव वर-खाली.

आमच्या सरांनी वर्गातच डबा उघडला आणि भिंग घेऊन वाकून पाहिलं. मग म्हणाले, हा ओकेनाइट. कॅल्शियमचं सिलिकेट, दुर्मिळ. पुस्तकात वाचला होता, आज पाहिला.

दगड कॉलेजच्या कपाटात ठेवायचा म्हणून त्यांनी लेबल घेतलं. ठिकाण लिहिलं आणि विचारलं, "सापडला कुणाला?"

"वडिलांना."

"नाव?"

मी डब्याची सुतळी गुंडाळू लागले. आमच्या घरानं छप्पन्न साली धम्म स्वीकारला तेव्हा बानंच हौसेनं माझं नाव बदलून सुजाता ठेवलं होतं. स्वतःचं मात्र जुनंच राहू दिलं... सरांनी पुन्हा विचारल्यावर मी हळूच म्हणाले, "धोंडू."

मागच्या बाकावर हशा पिकला. दगड शोधणारा धोंडू! माझे कान तापले.

सर हसले नाहीत. "ओकेनाइट हे नावही एका माणसाच्या आडनावावरूनच पडलंय," ते वर्गाला म्हणाले. मग माझ्याकडे वळून, "धोंडू का ठेवलं?"

मी सांगितलं. बाच्या आधीची तीन भावंडं गेली. हा तरी दगडासारखा टिकावा म्हणून आजीनं ठेवलं.

"टिकले ना? मग आजीनं नाव बरोबर ठेवलं." आणि लेबलवर सुबक अक्षरात लिहिलं... श्री. धोंडूजी, बार्शीटाकळी.

पुढच्या महिन्यात बा अमरावतीला आले, तेव्हा सरांनी स्वतः ते कपाट दाखवलं. बाला वाचता येत नव्हतं. मी वाचून दाखवलं. "अजून एक डाव वाच," बा म्हणाले. मी तीनदा वाचलं.

बाहेर झाडाखाली भाकर खाताना मला राहवलं नाही. म्हटलं, बा, तुमचं नाव सांगायची मला लाज वाटली होती... माफ करा.

बा भाकर मोडत म्हणाले, "मले मालूम होतं. तुह्या वह्यांवर तुहं नाव हे एवढं लांब, अन् पुढं माहं एकच अक्षर. वाचता येत नाही, पन दिसते नं बाई."

आणि माझ्या ताटलीत आपल्यातली अर्धी चटणी ठेवली. न रागावता... त्या माणसाची मुलगी म्हणून जगले, याचंच आज समाधान वाटतं.