नवऱ्याकडचा एक फेटा जास्त

लग्नाच्या धंद्यात किस्से गोळा करावे लागत नाहीत. मांडव सोडला की टेम्पोत दोऱ्या, खुर्च्या, पडदे भरून गोदामात परत येतात, त्यांच्याबरोबर तेही येतात आणि जागा अडवून बसतात!

आमचं ऑफिस कळंब्याला. ऑफिस म्हणजे गोदामाच्या पुढची खोली. माणसं तीन. एक मी, मला सगळे वैनी म्हणतात. दुसरे संपतदा, मांडव आणि डेकोरेशन बघणारे. यांना माइक लागत नाही. तिसरी सानिका. आमच्या धंद्यात ‘पर्सनल टच’ आणला तो हिनं.

पूर्वी लोक यायचे, कार्यालय, स्टेज, जेवण ठरवून चहा पिऊन जायचे. आता म्हणतात, “वैनी, सगळं करा, पण जरा आपला पर्सनल टच पाहिजे!” संपतदांनी पहिल्यांदा ऐकलं तेव्हा विचारलं, “ते जेवणात द्यायचं, का स्टेजवर?”

एक नवरा मुलगा आला, घरचा दुधाचा धंदा. म्हणाला, “माझं इंजिनिअरिंग आमच्या म्हशीच्या दुधावर झालंय. स्वागताला गेटवर ती पायजे!” सानिकाला आयडिया फार आवडली. म्हशीला आंघोळ घातली, शिंगं रंगवली, पाठीवर झूल टाकली. म्हैस कमानीशेजारी शहाण्यासारखी उभी. पाहुणे तिच्याबरोबर सेल्फी काढतायत.

वरात दारात आली आणि बघतो तर कमानीचा एक खांब उघडा! झेंडूच्या माळा खालून वर जिथवर तोंड पोचतं तिथवर साफ. संपतदांनी कपाळाला हात लावला. मी मुलाच्या आईकडं धावले, “अहो काकू, म्हैस आवरा!”

काकू शांतपणे म्हणाल्या, “खाऊ द्या की वैनी. पावणी म्हणून तुम्हीच बोलावलंय न्हवं तिला?”

मग स्टेजवर वचनं द्यायची टूम निघाली. नवरानवरीनं एकमेकांना स्वतःच्या शब्दांत काहीतरी सांगायचं, माइकवर. एक नवरदेव एकदम रंगात आला. “मी तुला रोज सकाळी उठून चहा करून देईन!” टाळ्या पडल्या. नवरी लाजली. पहिल्या रांगेतनं त्याची आई उठली, “मला कवा दिलास रं?”

सगळं कार्यालय हसायला लागलं. पोरगं घाबरून माइकवरच म्हणालं, “आई, तुला बी देतो!” सासू-सून दोघींनी मिळून टाळ्या वाजवल्या. परवा ती नवरी भाजी मंडईत भेटली. म्हणाली, चहा चालू हाय, पण साखर अजून आईच टाकतात!

एका बौद्ध कुटुंबातल्या लग्नाची तर मला अजून गंमत वाटते. मुलगी कॉलेजात शिकवणारी. तिनं सांगितलं, परतभेट म्हणून प्रत्येक पाहुण्याला एक पुस्तक द्यायचं, आणि तेही जेवायच्या आधी, म्हणजे गडबडीत कुणी राहणार नाही. वंदना झाली, फुलं उधळून झाली, माणसं पुस्तकं घेऊन जेवायला बसली. आणि वाचायलाच लागली! एक काका तर पुस्तक घेऊन माझ्याकडं आले, “हे माझं वाचून झालंय, दुसरं दाखवा.” त्यांच्या मागं लगेच बदलून घेणाऱ्यांची लाइन लागली!

आचारी झारा घेऊन बाहेर आला. “वैनी, आधी पुस्तकं गोळा करा! माझा मसालेभात निवतोय!”

एवढे सगळ्यांचे टच करणारी सानिका, पण तिचं स्वतःचं लग्न ठरलं तेव्हा म्हणाली, “मला कायबी नको. मामा पायजे.”

त्याचं असं झालं होतं. सानिकाच्या वडलांनी, म्हणजे तात्यांनी, काही वर्षांपूर्वी घर बांधलं. वास्तुशांतीला मानाच्या पाहुण्यांना फेटे बांधले. सानिकाचे मामा आजऱ्याहून आले, त्यांची पाळी आली आणि फेटे संपले! तात्या म्हणाले, “ऱ्हाऊ दे, ह्यो घरचाच माणूस हाय.” मामांना ते लागलं. बायकोच्या सख्ख्या भावाला फेटा नाही! न जेवता उठले. “मानानं बोलावल्याबिगर तुमच्या दारात पाय ठेवणार न्हाय.” तात्या म्हणाले, “घरच्या माणसाला कशाचं बोलावणं?” झालं! तेव्हापासून बोलणं बंद. सानिकाची आई बिचारी दोघांच्या मधे.

लग्नात गुरुजी पुकारतात, “मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं.” तात्यांनी त्यासाठी लांबचे एक मामा तयार ठेवले. सानिकानं आम्हाला स्पष्ट सांगितलं, “लहानपणी मी ज्याच्या खांद्यावर बसून जत्रा बघितली त्यो मामा आला तर मी भाइर येणार. न्हायतर खोलीतच बसणार.” ही पोरगी बोलेल ते करणारी. मला त्या आठवड्यात धड झोप नाही!

बाकी तयारीत मात्र ती गप्प होती. एकच गोष्ट तिनं सांगितली. नवऱ्याकडचे फेटे केशरी, आपल्याकडचे गुलाबी. आणि जाता जाता म्हणाली, “वैनी, नवऱ्याकडचा एक फेटा जास्त घ्या.” म्हटलं, घेऊ, त्यात काय!

लग्नाच्या दिवशी वारणानगरहून वऱ्हाड आलं. दारात भेटी सुरू झाल्या. आपल्याकडं रीत अशी, की मुलीच्या बापानं वऱ्हाडातल्या मानकऱ्यांना नारळ देऊन गळाभेट घ्यायची. तात्या एकेकाला मिठी मारत पुढं सरकत होते आणि एका केशरी फेट्यासमोर थबकले. मामा!

नवऱ्या मुलाचे वडील पुढं झाले. “ह्ये आमच्याकडचं मानाचं पावणं. आजऱ्याला जाऊन, कुंकू लावून बोलावलंय आम्ही.”

मामा तात्यांकडं न बघता म्हणाले, “मी तुमच्या दारात आलेलो न्हाय. वऱ्हाडात आलोय.”

हलगीवालासुद्धा थांबला. तात्यांच्या हातात नारळ. व्याह्यांच्या पाहुण्याला मिठी नाकारली तर पोरीच्या सासरचा अपमान! तात्यांनी मिठी मारली, पण खांबाला मारतात तशी. नारळ दिला आणि पुढं सरकले. संपतदा माझ्या कानात म्हणाले, “निम्मं झालं वैनी.” त्यांचं निम्मं म्हणजे सगळ्या कार्यालयाला ऐकू गेलं.

मुहूर्त आला. गुरुजींनी पुकारलं, “मुलीच्या मामांनी मुलीला घेऊन यावं!”

गुलाबी फेट्यातले लांबचे मामा उठले. केशरी फेट्यातले मामा खुर्चीवरच, मान खाली. तिकडं खोलीच्या दारात सानिका उभी, एक पाऊल पुढं टाकेना. गुरुजींनी पुन्हा पुकारलं. हळूहळू मामा उठले आणि खोलीकडं निघाले.

“थांबा पावणं!” तात्या स्टेजवरनं ओरडले. खाली उतरले, तरातरा मामांपुढं जाऊन उभे राहिले. मी देवाचं नाव घेतलं.

“व्याह्यांचा फेटा घालून माझ्या पोरीला आणणार व्हय?”

त्यांनी मामांचा केशरी फेटा काढून संपतदांच्या हातात दिला. स्वतःच्या डोक्यावरचा गुलाबी फेटा उतरवला आणि दोन्ही हातांनी मामांच्या डोक्यावर ठेवला. माझा जीव भांड्यात पडला. सानिकाच्या आईनं पदर तोंडाला लावला.

मामांनी फेटा चाचपला. म्हणाले, “दाजी, ह्यो ढिला होतोय मला.”

“मग हातानं धरा की!” बोडक्या डोक्याचे तात्या डोळे पुसत ओरडले. “पोरगी वाट बघतीया!”

सानिकाच्या लग्नाच्या अल्बममध्ये पहिलाच फोटो तो आहे. मामांचा एक हात तिच्या हातात, दुसरा फेट्यावर.